मुलांचं बोलण्यातलं व्याकरण कसं जोखायचं? तीन पद्धतींची तुलना

बालवाडीतलं एखादं मूल शब्द भरपूर बोलतं, पण वाक्य जुळत नाही. ते खरंच मागे आहे का, हे ठरवायला तीन मार्ग आहेत: बोलणं रेकॉर्ड करून उद्गारांची (म्हणजे एका वेळी बोललेल्या वाक्याची किंवा तुकड्याची) सरासरी लांबी काढायची, त्याच रेकॉर्डिंगमधल्या रचना टिपायच्या, किंवा आपण वाक्यं म्हणून दाखवायची आणि ती मुलाकडून म्हणून घ्यायची. नाशिकमधल्या मुलांसाठी मी दुसऱ्या मार्गाच्या बाजूनं आहे.

सरासरी लांबी हे माप अमेरिकी मानसशास्त्रज्ञ रॉजर ब्राउन यांच्या 1973 मधल्या कामामुळे रूढ झालं. इंग्रजी बोलणाऱ्या तीन मुलांचं बोलणं त्यांनी अभ्यासलं होतं. शंभर उद्गार घ्यायचे, त्यातले अर्थाचे घटक, म्हणजे शब्द आणि त्यांना लागलेले प्रत्यय, मोजायचे आणि त्यांना उद्गारांच्या संख्येनं भागायचं. पण सरासरी चारच्या पुढे गेली की या आकड्याचा फारसा भरवसा राहत नाही, हे त्यांनीच म्हटलं होतं. मराठीत अडचण त्याआधीच येते. "मावशी कुठंय?" याला "गेली" हे पूर्ण उत्तर आहे; त्या एका शब्दात लिंग, वचन, काळ सगळं आलं. उलट "हे नको, मला नको, ते पण नको" यात शब्द बरेच, व्याकरण थोडं. शिवाय "ताटातल्याला" या शब्दाचे घटक किती, यावर दोन शिक्षिकांचं एकमत होणं कठीण.

रचना टिपण्याची एक नावाजलेली पद्धत हॉलिस स्कारबरो यांनी 1990 मध्ये मांडली. शंभर उद्गारांत 56 रचना शोधायच्या आणि एका रचनेला जास्तीत जास्त दोन गुण द्यायचे. त्यामुळे वीसदा म्हटलेल्या "मला पाहिजे"नं गुण फुगत नाहीत. ती यादी इंग्रजीसाठी आहे, जशीच्या तशी उचलू नका. मराठीसाठी विभक्ती, सामान्यरूप, तिन्ही लिंगं, "आईनं पोळी केली" यातला मेळ, "आपण" आणि "आम्ही" यातला फरक, "म्हणून" किंवा "कारण"नं जोडलेली वाक्यं अशी यादी करावी लागेल. अशा घरच्या यादीला वयानुसार प्रमाण गुण नसतात, ही तिची मर्यादा. पण मूल नेमकं कुठे आहे ते तिच्यातून दिसतं. "करलं" म्हणणाऱ्या मुलाला नियम कळलाय, "केलं" हा अपवाद तेवढा राहिलाय. "कुत्राला" म्हणणाऱ्याला प्रत्यय आलाय, सामान्यरूप यायचंय. लांबीच्या मापात या मुलांचे उद्गार चुकीविना बोलणाऱ्या मुलाइतकेच भरतात.

रेकॉर्डिंग करताना चित्रं दाखवून "हे काय?" विचारू नका, "फुगा" एवढंच हाती लागेल. भातुकली मांडा, मग "रामकुंडावर गेलात तेव्हा काय काय केलं?" असं विचारा. समोर नसलेल्या गोष्टीबद्दल बोलताना भूतकाळ आणि जोडवाक्यं येतात. लिहून काढायला काही तास जातात, ते धरूनच चाला.

नाशिकच्या सातपूर-सिडकोतल्या बऱ्याच कुटुंबांचं मूळ कसमादे (कळवण, सटाणा, मालेगाव, देवळा) किंवा खानदेशात आहे, घरी अहिराणी बोलतात. तिथलं मूल "माले" किंवा "घरमा" म्हणालं तर ती चूक नाही. विभक्ती वापरल्याचे पूर्ण गुण द्या. एवढी एक गोष्ट पाळली नाही, तर निरोगी मुलावर दोषाचा शिक्का बसतो, आणि मला याचीच सर्वांत जास्त काळजी वाटते.

वाक्यं म्हणून घेणं सर्वांत झटपट. "लाल टोपीवाल्या मुलाला आजीनं हाक मारली" हे पोपटपंची करून म्हणता येत नाही, मूल ते स्वतःच्या व्याकरणानं पुन्हा जुळवतं. बुजऱ्या मुलांनाही हे जमतं. मात्र यात स्मरणशक्तीचा वाटा असतो आणि घरच्या बोलीला जागा उरत नाही. अख्ख्या वर्गाची पहिली चाळणी म्हणून ठीक. मागे राहिलेल्यांच्या रचना मग टिपा. एकाच मुलाची सहा महिन्यांतली वाढ बघायची असेल, तर मोजण्याचा नियम न बदलता लांबीही चालेल.

दोन वर्षं पूर्ण होऊनही मूल दोन शब्द जोडत नसेल, तर पद्धत निवडण्यात वेळ घालवू नका. आधी कानांची तपासणी करून घ्या.