बार्सिलोनेटाची तापास-वाइन टूर, आईला घेऊन

पुण्यात परत येऊन आठवडा झाला तरी आई अजून त्या टोमॅटोच्या ब्रेडबद्दलच बोलतीये, म्हणून लिहितोय. बार्सिलोनेटा म्हणजे बार्सिलोनाचा समुद्राकाठचा जुना कोळीवाडा, १७५३ पासून वसवलेला, सरळ अरुंद गल्ल्या, बाल्कनीत वाळत घातलेले कपडे, आणि तिथल्या चार छोट्या बारमध्ये गाइड आपल्याला फिरवते, एकेका ठिकाणी एखाद-दोन तापास, म्हणजे छोट्या प्लेटमधले स्पॅनिश पदार्थ, खायचे, थोडं प्यायचं की पुढे.

सगळ्यात भारी बोंबा. याच वस्तीतला पदार्थ, बटाट्याचा गोळा, आत खिमा, बाहेरून कुरकुरीत, वर लसणाचा सॉस आणि तिखट लाल सॉस. वडापाववर वाढलेल्या माणसाला लगेच पटतो! सोबत बार्सिलोनाजवळच्या पेनेदेस भागातली थंडगार कावा, म्हणजे फेसाळणारी स्पॅनिश वाइन. तिचा फेस बाटलीतच दुसऱ्यांदा आंबवून येतो, हे गाइडने ग्लास उजेडात धरून, वर चढणारे बुडबुडे दाखवत सांगितलं.

तक्रार एकच, पण मोठी. बुकिंग करताना आई शाकाहारी आहे असं स्पष्ट लिहिलं होतं तरी दोन ठिकाणी तिच्यासमोर मासेच आले, फार वाईट वाटलं. शेवटी एका बारवाल्या काकांनी स्वतः भाजलेल्या ब्रेडवर लसूण चोळला, मग अर्धा टोमॅटो हातात नुसती साल उरेपर्यंत घासला, वरून ऑलिव्ह ऑइल नि मीठ. आईने तीन खाल्ले.

शाकाहारी असाल तर आदल्या दिवशी टूरवाल्यांना परत एकदा फोन कराच, आणि दुपारी हलकंच जेवा.