अ‍ॅलिस वाचून दाखवायची, पण आधी कुठली?

आठ वर्षांच्या भाचीसाठी 'अ‍ॅलिस इन वंडरलँड' घेऊ की 'थ्रू द लुकिंग-ग्लास', असं मैत्रिणीने विचारलं. लुईस कॅरलची पहिली गोष्ट १८६५ची, दुसरी, म्हणजे आरशापलीकडच्या जगाची, १८७१ची. दोन्हींत १२ प्रकरणं, चित्रं टेनिएलचीच, मूळ इंग्रजी मजकूर नेटवर फुकट. म्हणजे खर्चाचा प्रश्नच नाही.

खरा फरक जग कसं बदलतं, यात आहे. वंडरलँडमध्ये अ‍ॅलिसच बदलत राहते: अळंबीची एक बाजू खाल्ली की उंच, दुसरी खाल्ली की बुटकी. मुलांना हे चटकन कळतं. आरशापलीकडे सगळं उलटं, तरी नियमाने चालणारं. पांढरी राणी आधी किंचाळते, बोटाला पिन नंतर टोचते. मेंढीच्या दुकानाचा प्रसंग तर मला फारच आवडतो. अ‍ॅलिस ज्या फळीकडे निरखून बघेल तेवढीच रिकामी, आजूबाजूच्या खच्चून भरलेल्या! मग अ‍ॅलिसच्या हातातल्या विणायच्या सुयांची वल्ही होतात आणि ती नि दुकानदार मेंढी थेट होडीत.

वाचणाऱ्याला मेहनत दुसऱ्यात जास्त. 'जॅबरवॉकी' ही बनवलेल्या शब्दांची कविता मोठ्याने म्हणायला आधी सराव हवा. शिवाय सगळा बुद्धिबळाचा डाव आहे. प्यादं झालेली अ‍ॅलिस आठव्या घरात पोचून राणी होते.

मूल लहान असेल, मधूनच उठून जाणारं असेल, तर वंडरलँड. कोडी आवडत असतील, पटावरच्या चाली येत असतील, तर बेलाशक आरसा घ्या. पहिली गोष्ट माहीत नसली तरी काही अडत नाही.