मेकअपचा ब्रश धुऊन चालवायचा की नवीनच आणायचा?

लग्नाचा सीझन आला की मी सगळे ब्रश पलंगावर मांडून बसते आणि दरवेळी तोच प्रश्न, कुठला ठेवू कुठला टाकू. आधी एक सांगते, मळलेला ब्रश वेगळा आणि संपलेला ब्रश वेगळा, बऱ्याच जणी नुसता मळलेला ब्रशच टाकून देतात. म्हणून आधी बेबी शाम्पू आणि कोमट पाण्याने धुवा (गरम पाणी नको, आतला गोंद सुटतो), आडवा ठेवून वाळू द्या आणि मग ठरवा. अमेरिकन अकॅडमी ऑफ डर्मेटॉलॉजीवाले (तिथल्या त्वचेच्या डॉक्टरांची संघटना) तर दर 7 ते 10 दिवसांनी धुवा म्हणतात.

वाळल्यावर केस परत एकत्र आले, गालाला मऊ लागला, वास गेला तर बिनधास्त वापरा, मग तो कितीही जुना असो. नवीन ब्रशचे सुरुवातीच्या धुण्यात चार-दोन केस जातातच, तेवढ्यावरून परत करायला धावू नका. दांडा हलतोय? फेविक्विकचा थेंब टाका, झालं. पण केसांचा झुपकाच दांड्यावरच्या धातूच्या पट्टीतून सुटून फाउंडेशनमध्ये चिकटत असेल तर त्यात जीव उरलेला नाही.

माझा ब्लेंडिंगचा (आयशॅडो मिसळून पसरवायचा) ब्रश फुलून पार केरसुणी झाला होता, शॅडो पापणीवर लावायला जावी तर भुवईपर्यंत पसरायची. धुतला, ओला असताना टिश्यू गुंडाळून रात्रभर रबर लावून ठेवला, सकाळी एकदम छान दिसत होता आणि दोनदा फिरवला की परत तसाच. तेव्हा टाकला.

पावसाळ्यात मुंबई-कोकणात बकरीच्या केसांचे ब्रश वाळता वाळत नाहीत, सिंथेटिक लवकर वाळतात. पावडरला बकरीचे केस छानच, पण धुऊनही कुबट वास येत असेल तर कितीही महागाचा असो, टाकायचा. डोळे आले होते तेव्हाचा लायनर ब्रशही मी ठेवत नाही.

स्पंजला मात्र हा हिशोब लावू नका. तो आतून पटकन वाळत नाही, तीनेक महिन्यांत बदला, काळे ठिपके दिसले तर त्याच दिवशी.

आणि अख्खा सेट घ्यायची गरज नसते हो. या वेळी माझा पावडरचा मोठा ब्रश धुऊन तसाच ठेवलाय, फक्त ब्लेंडिंगचे दोन नवीन आणायचेत.