नाइन-नाइन: हसता हसता बदललेली चौकी

न्यूयॉर्कच्या एका पोलीस चौकीवरच्या 'ब्रुकलिन नाइन-नाइन' या अमेरिकन विनोदी मालिकेचे आठही सीझन (२०१३ ते २०२१) मी दुसऱ्यांदा संपवले. पहिल्या भागात चौकीचा नवा प्रमुख कॅप्टन होल्ट डिटेक्टिव्ह जेकच्या मागे टाय घालण्यासाठी लागतो. तेव्हा जेक मला चक्क डोक्यात गेला होता. हुशार, पण सतत 'बघा मला' करणारा. दुसऱ्या सीझनपासून तो माणसात आला आणि मालिका सगळ्यांची झाली.

खरी मजा होल्टची. त्याची भूमिका करणाऱ्या आंद्रे ब्राऊरचा चेहरा इस्त्री केल्यासारखा, आवाजात चढउतार नाही. पण दरवर्षीची हॅलोविनची चोरी, म्हणजे एखादी वस्तू पळवण्याची चौकीतली पैज, बघा: पहिल्या वर्षी पैज हरल्यावर हाच माणूस पुढे जिंकण्यासाठी पोरांपेक्षा पोरकट होतो! चोऱ्या मात्र नंतर फारच गुंतागुंतीच्या झाल्या. कोण कोणाला फसवतंय, हे मी विचारणंच सोडून दिलं.

चौथ्या सीझनमध्ये चौकीतल्या सार्जंट टेरीला स्वतःच्याच गल्लीत, केवळ काळा म्हणून, पोलीस अडवतो. तिथे हसू थांबतं. पाचव्यानंतर फॉक्स वाहिनीने मालिका बंद केली, एनबीसी वाहिनीने लगेच उचलली. होल्टची तोंडाळ सहायक जीना मालिकेतून गेल्यावर टवाळी थोडी मिळमिळीत झाली. २०२० मध्ये पोलिसांच्या हातून जॉर्ज फ्लॉइडचा मृत्यू झाला; त्यानंतरच्या शेवटच्या सीझनमध्ये तर डिटेक्टिव्ह रोझा पोलीस खातंच सोडते. हे दहा भाग अवघडलेले वाटतात, विनोद जपून पावलं टाकतात. मला तरी तो अवघडलेपणा प्रामाणिक वाटला.

आणि चौकीतले दोन आळशी डिटेक्टिव्ह, हिचकॉक आणि स्कली? आठ वर्षांत तसूभरही बदलले नाहीत. बरंच झालं.