हिवराचं रोप: उंची सोडा, पिशवीचं बूड बघा

माळावर लावायला पिशवीतलं हिवराचं, म्हणजे बाभळीच्या जातीतल्या पांढरट सालीच्या काटेरी झाडाचं, रोप घेत असाल तर उंचीवर जाऊ नका. कमरेएवढ्या रोपाला पैसे जास्त पडतात, पण हिवराच्या बाबतीत वीतभर रोपच चांगलं. हे झाड आधी खाली वाढतं, मग वर. सोटमूळ काही महिन्यांतच पिशवीच्या तळाला टेकतं. मग ते तळाशी वेटोळं घालतं, नाहीतर भोकातून बाहेर पडून वाफ्याच्या मातीत शिरतं. वेटोळं घातलेलं मूळ खड्ड्यात गेल्यावरही सरळ होत नाही. मातीत शिरलेलं मूळ पिशवी उचलली की कटकन तुटतं. अशी रोपं पावसाळ्यात हिरवीगार दिसतात आणि मार्च-एप्रिलात वरची ओल सरली की वाळतात. लोक मग पाणी कमी पडलं म्हणतात. म्हणून पिशवी हळूच उचलून बघा. झटका दिल्याशिवाय सुटत नसेल तर ती घेऊ नका.

दुसरी तपासणी पानांची. ‘बाभूळ’ म्हणून मागितलं की पिशवीत काहीही येऊ शकतं. येडी बाभूळ मूळची अमेरिकेकडची. तिच्या पानाच्या देठाला बाजूच्या काड्यांच्या बहुधा एक-दोनच जोड्या फुटतात आणि त्यांवरच्या पर्णिका, म्हणजे छोटी पानं, लांबट, सुट्या असतात. हिवराच्या आणि गावठी बाभळीच्या वाढलेल्या पानाला जोड्या जास्त, पर्णिका बारीक आणि दाट. सुबाभळीला काटा नसतो. ऑस्ट्रेलियन बाभळीलाही नसतो, आणि तिचं कोयत्यासारखं वाकलेलं पान म्हणजे खरं तर चपटा झालेला देठ. हिवर आणि गावठी बाभूळ मात्र रोपात चटकन वेगळे कळत नाहीत. तेव्हा बी कुठल्या झाडाचं, हे विचाराच. मोठ्या झाडाला शंका राहत नाही: हिवराची साल पांढरट, फिकट फुलं फांदीच्या टोकाला मोठ्या तुऱ्यांत, शेंग चपटी आणि वाकडी. बाभळीची साल काळपट, भेगाळ, फुलांचे पिवळेधमक गोंडे आणि शेंग मण्यांच्या माळेसारखी.

हा फरक जागेसाठी लागतो. बालाघाटाच्या डोंगरउतारावर, बीड-धाराशिवकडच्या बरडावर, जिथं हातभर खाली मुरूम लागतो, तिथं हिवर लावा. ओढ्याकाठी, तलावाच्या पोटात, पाणी साचणाऱ्या काळ्या रानात गावठी बाभूळ लावा. हिवरा आणि बाभूळगाव ही गावांची नावं आपल्याकडे उगाच पडलेली नाहीत. सावलीत मात्र दोन्ही खुरटतात.

लागवड दोन-तीन चांगले पाऊस झाल्यावर. मुरमात खड्डा दीड फूट लांब, रुंद आणि खोल घ्या, कारण मऊ माती मिळाली तरच मूळ पहिल्या पावसाळ्यात खाली उतरतं. पिशवी ब्लेडनं उभी चिरा, मातीचा गोळा फुटू देऊ नका. वाळवीच्या जागी खड्ड्यात मूठभर निंबोळी पेंड टाका.

जागेवरच बी टोकता येत असेल तर रोपापेक्षा ते केव्हाही सरस, कारण मूळ कुठंच अडत नाही. बी उन्हाळ्यात झाडाखालून किंवा शेळ्या बसवतात त्या वाडग्यातून गोळा करा. पाण्यात तरंगणारं, बारीक भोक पडलेलं बी किडीनं पोखरलेलं असतं, ते टाकून द्या. पाणी उकळून चुलीवरून उतरवा, मग त्यात बी टाकून 24 तास ठेवा. चुलीवरच शिजवलं तर बी मरतं. फुगलेलं बी लगेच टोका, न फुगलेल्याला पुन्हा एकदा गरम पाणी द्या. एका जागी दोन-तीन बिया, बोटाच्या पेराएवढ्या खोल.

झाड काटेरी असलं तरी कोवळा शेंडा शेळ्या सोडत नाहीत. आळ्याभोवती बोरी-बाभळीच्या फांद्या रोवा आणि शेंडा शेळीच्या तोंडाच्या वर जाईपर्यंत, दोन-तीन वर्षं तरी, ती काटी काढू नका.