फूड कोर्टातला आर्मेनियन स्टॉल: दिवाळीपासून खाऊन झाल्यावर, मुख्यतः लवाशबद्दल

खोरोवात्सच्या, म्हणजे निखाऱ्यावर भाजलेल्या मांसाच्या, ताटाबरोबरच्या लवाशचे (ही मोठी, पातळ आर्मेनियन पोळी) मध्यंतरी पावणेदोन डॉलर वेगळे लागू लागले. काउंटरवर हे कोणी सांगत नव्हतं, पावतीवर वाचावं लागायचं. मी लिहायला बसले ती त्यामुळेच. लॉस एंजेलिसजवळच्या ग्लेंडेल-बर्बँक भागातल्या मराठी मंडळींना स्टॉल ओळखीचा आहे. थाई आणि साल्व्हाडोरच्या पुपुसावाल्यांच्या मधला, आजी, मुलगा, सून आणि नातू मिळून चालवतात तो. म्हणून पत्ता, वेळा, पार्किंग यांत जात नाही. दिवाळीच्या सुमारास आमचं तिथे नियमित जाणं सुरू झालं, बहुतेक शनिवारी. जेवण उत्तम आहे, हे आधीच सांगते. तक्रार लवाशची आहे आणि माझ्या लेखी ती मोठी आहे.

सुरुवातीला ताट असं यायचं: खाली एक अख्खी लवाश पसरलेली, तिच्यावर सळईवरून थेट काढलेले मांसाचे तुकडे, कच्चा कांदा, भाजून साल काढलेली वांगी-टोमॅटो-मिरची, आणि सगळ्यावर झाकायला दुसरी लवाश. खोरोवात्सला मसाला फारसा नसतो. कांदा, मीठ, लाल मिरची, एवढंच. चव मांसाची आणि निखाऱ्याची. वरची लवाश ताट गरम ठेवते, खालची सगळा रस पिते. ती खालची शेवटी हाताने फाडून खायची, आणि त्या ताटातला सर्वांत चांगला घास तोच. मी तर तुकडे मुलांना जास्त वाढून लवाश माझ्याकडे ओढून घ्यायचे.

नाताळनंतर वरची लवाश गेली. मग खालचीही गेली आणि तिच्या जागी झाकणाच्या डब्यात घडी घालून कोंबलेली अर्धी लवाश आली, वाफेने चिकट झालेली. त्यानंतर त्या अर्धीलाही किंमत लागली.

लवाश म्हणजे हॉटेलात सोबत येणारी ब्रेडची टोपली नव्हे. आर्मेनियातल्या लवाशची परंपरा २०१४ मध्ये युनेस्कोच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत गेली. खेड्यांत बायका एकत्र बसून ती करतात. एक पीठ लाटते, दुसरी ते लांबट गादीवर ताणून तोनिरच्या, म्हणजे जमिनीत बसवलेल्या मातीच्या भट्टीच्या, आतल्या भिंतीवर थापते. मिनिटाच्या आत भाजून निघते. वाळवून रचून ठेवली की महिनोन्‌महिने टिकते, आणि पाणी शिंपडून कापडाखाली ठेवली की पुन्हा मऊ होते. लग्नात नवरा-नवरीच्या खांद्यांवर लवाश ठेवतात, घरात भरभराट यावी म्हणून. असं स्थान असलेली वस्तू ‘एक्स्ट्रा’ या रकान्यात, सोड्याच्या खाली छापायची, हे मला पटत नाही. मी आर्मेनियन नाही, तरी वाईट वाटतं.

स्टॉलवरची लवाश तोनिरमधली नाही, हे मला माहीत आहे. इथे बेकऱ्यांत ती यंत्रावर होते आणि सकाळी पाकिटांतून येते. म्हणूनच तर पावणेदोन डॉलर जास्त वाटतात. दोन गल्ल्या सोडून असलेल्या आर्मेनियन वाण्याकडे मोठ्या लवाशींचं अख्खं पाकीट साडेतीन-चार डॉलरांत मिळतं. मग मी तेच करायला लागले. पाकीट पिशवीत घालून न्यायचं, ताट डब्याऐवजी प्लेटमध्ये मागायचं आणि आपली लवाश खाली पसरून त्यावर खोरोवात्स ओतून घ्यायचं. कोणी अडवलं नाही. चारजणांच्या जेवणात पाकिटाचे पैसे वजा जाता तीन-साडेतीन डॉलर वाचतात आणि लवाशही ताजी मिळते.

एकदा काउंटरवर विचारलंच. नातू म्हणाला, सिस्टीममध्ये तसंच आहे. त्यावर माझा आवाज चढला, कारण सिस्टीममध्ये किंमत घालणारं माणूसच असतं. मग सून बाहेर आली. तिने सांगितलं की डिलिव्हरीच्या अ‍ॅपवर प्रत्येक जिन्नस वेगळा दाखवला की ताटाची किंमत कमी दिसते, आणि अ‍ॅपवरची यादी हीच काउंटरची यादी. फूड कोर्टाचं भाडंही वाढलंय म्हणाली. भाड्याचं समजू शकते. पण मग एकोणीसचं ताट सरळ पावणेएकवीसला विका, मी देईन. किंमत वाढली हे फलकावर दिसलं पाहिजे. खाऊन उठल्यावर कळलं की फसवल्यासारखं वाटतं.

इथपर्यंत लिहून ठेवलं होतं आणि तीन तारे ठरले होते. पुढचं नंतरचं आहे, कारण मधल्या काळात सांगलीहून सासूबाई आल्या.

आई पूर्ण शाकाहारी, अंडंसुद्धा नाही. मांस भाजणाऱ्या स्टॉलवर त्यांना न्यावं की नाही, याची मला धास्ती होती. आईंनी माझ्यामार्फत एकेका पदार्थाची चौकशी केली, आणि स्टॉलवरच्या सुनेने जी उत्तरं दिली त्यांसाठी मी या स्टॉलला वरचा तारा देते. शेवयांचा पिलाफ शाकाहारी दिसतो, पण तो कोंबडीच्या पाण्यात शिजतो. घेऊ नका, असं तिने स्वतःहून सांगितलं. स्पास हे दह्याचं गरम सूप. आत सोललेला गहू, वर पुदिना, दिसायला कढीसारखं. आईंचा हात चमच्याकडे गेला होता. सुनेने थांबवलं, दही फाटू नये म्हणून त्यात अंडं घालतात म्हणून. दहा-बारा डॉलरांची विक्री तिने तिथल्या तिथे सोडली. आपल्याकडच्या किती हॉटेलांत असं खरं उत्तर मिळतं?

मग तिने झिंग्यालोव हात्स दिली, आणि इथे माझं मत बदललं. पातळ पारीत बारीक चिरलेल्या पालेभाज्या ठासून भरतात आणि तव्यावर भाजतात. पालक, शेपू, कोथिंबीर, कांद्याची पात, बीटचा पाला, आणखी जे मिळेल ते. वर तेल, मीठ, थोडं तिखट. दूध नाही, तूप नाही, अंडं नाही. हा पदार्थ आर्त्साखचा, म्हणजे अझरबैजानच्या हद्दीतल्या, पूर्वी आर्मेनियन वस्तीच्या नागोर्नो-काराबाखचा. तिथले लोक रानातल्या दहा-पंधरा, कधी वीसपर्यंत पालेभाज्या घालतात. सुनेचं माहेर तिथल्या मुख्य शहरातलं, स्तेपानाकेर्तचं. सप्टेंबर २०२३ मध्ये तिथून लाखावर आर्मेनियन लोक काही दिवसांत घरदार सोडून आर्मेनियात आले, त्यांत तिची माणसं होती. तेव्हापासून ती दर शनिवारी हे करते. फलकावर ते नाही. पीठ आणि पाला संपला की संपलं.

सासरची बाजू बैरुतजवळच्या बुर्ज हम्मूदची. ऑटोमन तुर्कस्तानातल्या १९१५ च्या आर्मेनियन नरसंहारातून वाचलेल्या लोकांनी वसवलेली ती वस्ती, आणि लेबनॉनच्या यादवी युद्धात तिथले पुष्कळजण लॉस एंजेलिसला आले. यादीत एकीकडे लाहमाजून (खिमा पसरून भाजलेली पातळ रोटी) आणि लसणाची पांढरी चटणी, तर दुसरीकडे खोरोवात्स आणि स्पास, हे त्यामुळे. दोन घरांचा स्वयंपाक आहे. लाहमाजून मात्र मला सुमार वाटलं, कडा कडक होतात. चटणी एक नंबर.

आईंना झिंग्यालोव इतकं आवडलं की त्यांनी शेपूचं प्रमाण विचारून घेतलं. सुनेने माप सांगितलं नाही, हाताच्या मुठीने दाखवलं. आईंना ते बरोबर कळलं, मला नाही.

आता बारीकसारीक. भाज्या आणि मांस एकाच जाळीवर भाजतात. चालत नसेल तर आधी सांगा, आजी वांगी-मिरच्या वेगळ्या शेगडीवर भाजून देतात, दहा मिनिटं जास्त लागतात. दुपारी साडेबारानंतर डिलिव्हरीच्या पिशव्या आधी जातात आणि समोर उभं असलेलं माणूस ताटकळतं. हे चूक आहे. ट्रे स्वतः उचलायचा असतो तिथे अठरा टक्के टिप आधीच निवडलेली असते, ती बदलता येते. कॉफी जझ्वेमध्ये, म्हणजे लांब दांड्याच्या छोट्या भांड्यात, करतात. साखर किती, ते आधीच सांगावं लागतं, नंतर ढवळायची नसते. गाता (गोड भाजलेला पाव) कोरडा असतो, कॉफीशिवाय घेऊ नका. २४ एप्रिलला स्टॉल बंद असतो. नरसंहाराचा स्मृतिदिन आहे, त्या दिवशी ग्लेंडेलच्या सरकारी शाळासुद्धा बंद असतात.

आणि लवाश: मेपासून फलक बदललाय. तिथेच बसून खाणाऱ्यांना ताटात खाली एक अर्धी लवाश किमतीत धरलेली असते. डब्यात नेली तर पैसे लागतात. माझ्या भांडणामुळे बदललं की आणखी कोणी बोललं, ठाऊक नाही. अर्धी पुरत नाही, अख्खीच हवी, आणि तसं मी सुनेला सांगितलंही. चार तारे. पाचवा अख्ख्या लवाशीसाठी राखून ठेवलाय.

शाकाहारी मंडळींनी ईस्टरच्या आधीच्या सात आठवड्यांत जरूर जावं. आर्मेनियन चर्चचा तो मोठा उपास, त्यात मांस, दूध, अंडं सगळंच वर्ज्य. तेव्हा पासुत्स टोलमा करतात: कोबीच्या पानात हरभरे, राजमा, मसूर आणि सोललेला गहू गुंडाळून, थंड वाढतात. सकाळी फोन करून ठेवा, दुपारपर्यंत शिल्लक राहत नाही.