गाविनो मुर्जाचा सॅक्सोफोन: आठ महिने ऐकल्यावर

गेल्या पावसाळ्यात राबिह अबू-खलील या लेबनीज वादकाचा 'हंग्री पीपल' (२०१२) हा अल्बम मी ऊद हे अरबी तंतुवाद्य ऐकायला म्हणून लावला होता. मध्येच एक खरखरीत, फार खालचा सूर आला. मला वाटलं मिशेल गोदारचा ट्यूबा, म्हणजे खालच्या सुरांचं ते मोठं पितळी फुंकवाद्य, असेल. नावं वाचली तेव्हा कळलं की तो सॅक्सोफोनवाल्याचा गळा आहे. गाविनो मुर्जा, इटलीतल्या सार्डिनिया बेटावरच्या नुओरो शहराचा. तेव्हापासून हा माणूस माझ्या रोजच्या ऐकण्यात आहे.

त्याच्या गळ्यामागची परंपरा समजून घेतली आणि मग सॅक्सोफोन वेगळाच ऐकू यायला लागला. नुओरोच्या आसपासच्या डोंगराळ बार्बाजा भागात 'कांतु आ तेनोरे' गातात. चार पुरुष अंगाला अंग लावून गोल करून उभे राहतात. 'बोघे' कडवं म्हणतो, बाकीचे तिघे, म्हणजे 'मेसु बोघे', 'कोन्त्रा' आणि 'बास्सु', त्याला सुरांचा आधार देतात. यातले कोन्त्रा आणि बास्सु घशातून घासून काढलेले सूर. बास्सु गाताना नेहमीच्या स्वरतंतूंच्या वरच्या पडद्यांनाही कंप सुटतो, म्हणून तो सूर एक सप्तक खाली ऐकू येतो. बास्सु गाईच्या हंबरण्यावरून आला आणि कोन्त्रा मेंढीच्या आवाजावरून, असं तिथले मेंढपाळ सांगत आले आहेत. युनेस्कोने २००५ मध्ये या गायनाचा गौरव केला. मुर्जा हा बास्सु स्वतः गातो, आणि टेनर सॅक्सोफोनच्या खालच्या पट्टीत शिरला की तीच खरखर त्याच्या फुंकेत उतरते.

सोप्रानो या वरच्या पट्टीतल्या सॅक्सोफोनवर मात्र तो वेगळा होतो. एका रविवारी बाबा बाहेरच्या खोलीत पेपर वाचत होते. देवळातला सनई-चौघडा त्यांनी लहानपणापासून ऐकलेला. त्यांनी तिथूनच विचारलं, "मागे सूर कोण धरतंय?" प्रश्न अगदी नेमका होता. दक्षिण सार्डिनियात 'लाउनेद्दास' नावाचं वेताच्या तीन नळ्यांचं वाद्य आहे. सगळ्यात लांब नळी, 'तुम्बु', फक्त सूर धरते, उरलेल्या दोन चाल वाजवतात. तिन्ही नळ्या एकाच माणसाच्या तोंडात! गालात हवा साठवून नाकाने श्वास घ्यायचा आणि दम तुटू द्यायचा नाही. इत्तिरीला सापडलेल्या ख्रिस्तपूर्व काळातल्या ब्राँझच्या छोट्या मूर्तीतही असा तीन नळ्या वाजवणारा आहे. मुर्जा लाउनेद्दासही वाजवतो, आणि त्याच्या सोप्रानोचा दमसास ऐकताना ते जाणवतं.

आता ऐकण्याच्या सोयीबद्दल. मोबाईलच्या स्पीकरवर ऐकूच नका, बास्सुचा तळ जातो आणि नुसती घरघर उरते. माझ्या छोट्या ब्लूटूथ स्पीकरवर उलटा प्रकार, सगळं घुमतं आणि चाल बुडते. कान पूर्ण झाकणारा हेडफोन, 'बेस बूस्ट' बंद, आवाज निम्म्याच्या खाली, रात्री दहानंतर. मला हेच मानवलं. काम करता करता ऐकायला हे संगीत उपयोगाचं नाही, लक्ष त्यातच जातं.

सगळंच आवडलं असं नाही. ताल जोरात असतो तिथे त्याचा गळा कधी कधी नुसता चकित करण्यापुरता येतो. अशा जागा मी आता पुढे ढकलते. गोदारसोबतचा 'अ ट्रेस ऑफ ग्रेस' पहिले दोन महिने मला थंड वाटला. सतराव्या शतकातल्या मोंतेवेर्दी या इटालियन संगीतकाराचं संगीत, त्यात गोदारचं सर्पासारखं वळलेलं 'सर्पंट' हे जुनं फुंकवाद्य आणि स्टीव्ह स्वॉलोचा इलेक्ट्रिक बास. सॅक्सोफोन तिथे मागे मागे राहतो, गिएमेत लोरान्सच्या गाण्याला वाट देतो. आज मी सगळ्यात जास्त वेळा लावते तो हाच अल्बम.

नव्याने सुरुवात करणार असाल तर मुर्जाच्या आधी बित्ती किंवा ओर्गोसोलो गावच्या मंडळींचं निव्वळ तेनोरे तासभर ऐका, वाद्याशिवाय. मी हे उलट्या क्रमाने केलं आणि पहिले कित्येक आठवडे त्याचा सॅक्सोफोन कुणाशी बोलतोय हेच मला कळत नव्हतं.